स्वप्नाची वेठबिगारी

1998 च्या ऑक्टोबरात अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांनी एका कायद्यावर सही केली. त्याचे नाव कर्ट फ्लड कायदा. ज्याचे नाव दिले तो बेसबॉलचा नामांकित आउटफिल्डर आदल्या वर्षी जानेवारीत वारला होता. मेजर लीगच्या खेळाडूंना मक्तेदारीविरोधी कायद्याचे संरक्षण मिळावे म्हणून हा कायदा झाला, आणि त्याच कायद्यात स्पष्ट शब्दांत लिहून ठेवले गेले की मायनर लीगच्या खेळाडूंना यातले काहीही लागू नाही. फ्लडची उमेदवारी मायनर लीगमध्येच झाली होती. अठरा वर्षांचा फ्लड त्या दिवशी पुन्हा उभा राहिला असता, तर त्याच्याच नावाच्या कायद्याने त्याला दाराबाहेर ठेवले असते. मेलेल्याचा पुतळा उभारायचा आणि त्याच्यासारख्या जिवंताला उपाशी ठेवायचे, ही कला फक्त आपल्यालाच येते असे मानण्याचे कारण नाही.

या लेखातला आरोप एकच आहे. समाज सुधारणा करतो, पण ती नेमकी एका पायरीवर आणून थांबवतो. ज्याचा आवाज वरपर्यंत पोहोचतो त्याला न्याय मिळतो, त्याच्या खाली उभ्या असलेल्याला स्वप्न दाखवले जाते. बेसबॉलच्या मायनर लीगइतका या अन्यायाचा उघडा पुरावा क्वचितच सापडेल, कारण इथे तो हजारो लोकांसमोर, दिव्यांच्या झगमगाटात, बँडच्या तालावर चालतो आणि प्रेक्षक त्याला टाळ्या देतात.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. अमेरिकेच्या मेजर लीगमध्ये तीस संघ आहेत. प्रत्येकाच्या हाताखाली गावोगावचे संघ असतात: अगदी तळाचा नवशिक्यांचा, त्यावर सिंगल-ए, मग डबल-ए, मग ट्रिपल-ए. ही सारी मायनर लीग. आउटफिल्डर म्हणजे मैदानाच्या दूरच्या टोकाला, डावीकडे, मध्ये आणि उजवीकडे उभे राहणारे तीन खेळाडू. तासन्‌तास काही घडत नाही आणि मग एका क्षणात शंभर फूट धावून, पाठीमागून येणारा चेंडू झेलून, तिथूनच तो घरच्या चौकीपर्यंत फेकावा लागतो. हातून एक झेल सुटला तर साऱ्या गावाला दिसतो. बरोबर जागी उभे राहून वाचवलेल्या धावा मात्र कोणाच्याच डोळ्यांत भरत नाहीत.

या पायऱ्या चढणाऱ्या दहांतला एखादाच मेजर लीगच्या मैदानावर पाय ठेवतो. उरलेले विशी उलटता उलटता, गुडघा किंवा खांदा गमावून, दुसऱ्या कुठल्याही कामाचा अनुभव न घेता घरी परततात. जो पोहोचला त्याच्यावर चित्रपट निघतो. जे परतले त्यांचा हिशेब कोणी मागत नाही.

कर्ट फ्लड हा त्या दहांतला एक. ओकलंडच्या गरीब वस्तीत वाढलेला हा काळा मुलगा 1956 मध्ये, हायस्कूल संपता संपता, सिनसिनाटी संघाने वर्षाला 4,000 डॉलरवर घेतला. त्याला पाठवले नॉर्थ कॅरोलिनातल्या हाय पॉइंट-थॉमसव्हिल संघात. त्या हंगामात त्याने शंभरांत चौतीस वेळा यशस्वी फटका मारला, 29 होमरन, म्हणजे मैदानाबाहेरचे फटके, काढले. ज्या गावासाठी काढले त्या गावात त्याला गोऱ्या सहकाऱ्यांबरोबर हॉटेलात उतरता येत नव्हते. रस्त्यात बस थांबली की बाकीचे खानावळीत बसून जेवत, त्याच्यासाठी मागच्या दाराने पुडके येई. पेट्रोल पंपावरचे संडासही त्याला बंद होते. पुढच्या वर्षी जॉर्जियातल्या सवानामध्येही तेच.

दक्षिणेतल्या त्या दिवसांतला एक प्रसंग फ्लडने पुढे सांगितला आहे. लागोपाठ दोन सामने होते. पहिला संपल्यावर सर्वांनी घामाने भिजलेले कपडे एका ढिगात टाकले, त्यानेही टाकले. कपडे सांभाळणारा माणूस आला, त्याने टोकाला खिळा असलेली लांब काठी घेतली आणि गोऱ्यांच्या कपड्यांतून फ्लडचे कपडे तेवढे टोचून बाजूला काढले. ते काळ्यांच्या धोबीखान्यात गेले. बाकीचे खेळाडू कोरडे कपडे चढवून मैदानात उतरले आणि फ्लड आपले कपडे परत येईपर्यंत उघडाबोडका बसून राहिला.

काठीच्या टोकाने उचललेले कपडे म्हणजे काय, हे मराठी वाचकाला फोड करून सांगायची गरज नाही. दलित क्रिकेटपटू पालवणकर बाळू पुण्या-मुंबईत गोलंदाजी करत होते, संघाला विजय मिळवून देत होते, तेव्हा त्यांचा चहा पॅव्हेलियनच्या बाहेर, मातीच्या फेकून द्यायच्या पात्रात येत असे. त्यांनी घेतलेले बळी चालत, ओठांना लागलेला कप चालत नसे. म्हणून अमेरिकेतल्या गोष्टीत आम्ही का पडावे, असे कोणी विचारू नये. जोतीराव फुल्यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ अमेरिकेतल्या गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्यांना अर्पण केली. बाबासाहेबांनी 1946 मध्ये अमेरिकेतले काळे विचारवंत डब्ल्यू. ई. बी. डुबॉइस यांना पत्र लिहिले. 1972 मध्ये मुंबईच्या तरुणांनी अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरच्या नावावरून दलित पँथर उभी केली. हे नाते आपल्या थोरांनी जोडलेले आहे, आणि नाते जोडले की जाब विचारण्याचा अधिकार मिळतो.

रंगाचा विटाळ पुढे कायद्याने गेला. त्याखाली दडलेला दुसरा विटाळ मात्र राहिला. खेळाडू ही क्लबची मालमत्ता आहे, ही समजूत कोणाला टोचली नाही. एकदा सही केली की क्लब त्याला हवे तेव्हा हवे तिथे पाठवील, विकील, बदलील. दुसऱ्या क्लबाशी तो बोलूही शकणार नाही. ही व्यवस्था सर्वांत पद्धतशीर बांधली ती क्लब चालवणाऱ्या ब्रँच रिकीने. सेंट लुईसमध्ये असताना त्याने गावोगावचे संघ ताब्यात घेऊन त्यांची साखळी उभारली. शेकडो पोरांना किरकोळ पगारावर बांधून ठेवायचे, त्यांतून दोन-चार हिरे निघाले की ठेवायचे किंवा विकायचे, हा तिचा हिशेब. याच रिकीने पुढे जॅकी रॉबिन्सनला ब्रुकलिनमध्ये आणून गोऱ्यांच्या बेसबॉलचे दार फोडले. इतिहास त्याला मुक्तिदाता म्हणतो, आणि ते खरेही आहे. पण रॉबिन्सन ज्या काळ्यांच्या संघात खेळत होता त्या कॅन्सस सिटी मोनार्क्सना त्याने एक पैसाही दिला नाही. सुधारक आणि सावकार एकाच कोटात मावतात, आणि समाज त्यांतला सोयीचा तेवढा ओळखतो.

न्यायालयाने काय केले? 1922 मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने एकमताने ठरवले की बेसबॉल हा राज्याराज्यांतला व्यापार नाही, सबब त्याला मक्तेदारीविरोधी कायदा लागू नाही. संघ राज्याराज्यांतून रेल्वेने फिरत होते, तिकिटे विकत होते, खेळाडू विकत होते, तरी तो व्यापार नव्हता! 1953 मध्ये न्यूयॉर्क यँकीजच्या मायनर लीगमध्ये अडकलेला जॉर्ज टूलसन नावाचा गोलंदाज हा प्रश्न घेऊन गेला. न्यायालयाने जुना निकाल कायम ठेवला.

मग फ्लड उठला. 1969 पर्यंत तो देशातला अव्वल आउटफिल्डर झाला होता, वर्षाला 90,000 डॉलर घेत होता. सिनसिनाटीहून तो ज्या सेंट लुईस संघात गेला होता, त्या संघाने त्याला न विचारता फिलाडेल्फियाला दिले. त्याने बेसबॉलच्या आयुक्तांना पत्र लिहून कळवले की आपण खरेदी-विक्रीची वस्तू नाही, आणि खटला भरला. पैसेवाल्या माणसाने गुलामीची भाषा करावी का, असे तेव्हा पुष्कळांनी नाक मुरडून विचारले. त्यांना हे कळले नाही की पिंजऱ्याचे भाडे वाढले म्हणून त्याचे दार उघडत नाही. खटला चालू असताना जॅकी रॉबिन्सन साक्षीला आला. त्या वेळी खेळत असलेला एकही खेळाडू न्यायालयात येऊन त्याच्या शेजारी बसला नाही. 19 जून 1972 रोजी पाच विरुद्ध तीन मतांनी तो हरला. बेसबॉलला मिळालेली सूट विसंगत आहे हे न्यायालयाने मान्य केले आणि ती दूर करण्याचे काम संसदेवर ढकलले. फ्लडची कारकीर्द तोपर्यंत संपली होती.

तीन वर्षांनी, 1975 च्या डिसेंबरात, लवादाच्या निर्णयाने मेजर लीगच्या खेळाडूंच्या बेड्या तुटल्या. आजचे कोट्यवधी डॉलरचे करार त्या निर्णयाची फळे आहेत. इथे आरोपीच्या पिंजऱ्यात एक नवा माणूस उभा करावा लागतो: कालपर्यंत बेडीत असलेला, आज सुटलेला. मेजर लीगच्या खेळाडूंची संघटना अमेरिकेतल्या सर्वांत बलाढ्य संघटनांपैकी एक झाली, पण मायनर लीगच्या पोरांना तिने जवळपास अर्धे शतक दारात घेतले नाही. तिचा जवळजवळ प्रत्येक सभासद त्याच बसमधून, त्याच गावांतून, त्याच उपासमारीतून वर आलेला होता. वर चढलेल्याने शिडी आवरून घ्यायची, हा रोग कुठल्या एका देशाचा किंवा जातीचा नाही.

1994 मध्ये या मायनर लीगकडे जगाचे लक्ष गेले, आणि का गेले तेही पाहण्यासारखे आहे. बास्केटबॉलचा सम्राट मायकेल जॉर्डन आउटफिल्डर म्हणून बर्मिंगहॅम बॅरन्स या डबल-ए संघात उतरला. 127 सामने, शंभरांत जेमतेम वीस फटके, तीन होमरन. मैदाने ओसंडून वाहिली, वार्ताहरांचे तांडे आले. मायनर लीगमधला त्याचा पगार महिन्याला 850 डॉलर होता, पण बास्केटबॉलचे लाखो डॉलर त्याला मिळतच होते. त्याचा बास्केटबॉल संघ आणि बॅरन्सच्या वरचा मेजर लीग क्लब, दोन्हींचा मालक एकच होता. त्याच्या डाव्या-उजव्या हाताला धावणाऱ्यांना असला दुसरा पगार नव्हता. देशाने सारा उन्हाळा एका कोट्यधीशाची हौस डोळे भरून पाहिली आणि शेजारच्या खेळाडूचे पोट त्याला दिसले नाही.

त्याच वर्षी मेजर लीगचा संप सुरू झाला. 1995 च्या वसंतात मालकांनी संप फोडण्यासाठी बदली खेळाडू उभे केले, आणि मायनर लीगच्या पोरांवर त्यासाठी दडपण आणले. जॉर्डनने नकार दिला आणि तो निघून गेला. त्याला नकार परवडत होता. ज्यांना परवडत नव्हता त्यांतले काही मैदानात उतरले, आणि संघटनेने त्यांना कायमचे वाळीत टाकले. आधी संघटनेत जागा नाही, मग संघटनेशी द्रोह केला म्हणून बहिष्कार! ज्याला तुम्ही कधी आपले म्हटले नाही, त्याच्याकडून निष्ठा कुठल्या तोंडाने मागता?

आता पोटाचा हिशेब. 2019 मध्ये सिंगल-एच्या खेळाडूचा किमान पगार आठवड्याला 290 डॉलर होता, डबल-एचा 350, ट्रिपल-एचा 502. तोही फक्त हंगामापुरता. वसंतातल्या सक्तीच्या सराव शिबिराचा पगार नव्हता, हिवाळ्यात ठरवून दिलेल्या व्यायामाचा नव्हता. सामना संध्याकाळी सातला असला तरी खेळाडू दुपारी मैदानावर, सामना संपला की बहुधा बसमध्ये, रात्रभर प्रवास, दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच. पाच महिन्यांत सुमारे 140 सामने. दोन खोल्यांच्या घरात पाच-सहा जण, जमिनीवर हवेच्या गाद्या, जेवणाला पाव आणि शेंगदाण्याचे लोणी. ज्याच्या शरीरावर क्लब पैसा लावत होता त्याच शरीराला पोटभर सकस अन्न नव्हते. हंगाम संपला की हाच खेळाडू गोदामात खोकी उचलत असे, टॅक्सी चालवत असे, शाळेत बदली शिक्षक म्हणून उभा राहत असे.

2014 मध्ये ॲरन सेने या माजी खेळाडूच्या नावाने किमान वेतनासाठी खटला उभा राहिला. तो लढवणारा वकील गॅरेट ब्रोशुइस हा स्वतः मायनर लीगमध्ये गोलंदाजी करून आलेला होता. मालकांनी यावर उत्तर शोधले ते संसदेत. 2016 मध्ये ‘अमेरिकेचा राष्ट्रीय विरंगुळा वाचवा’ अशा नावाचे विधेयक आले. लोक इतके संतापले की मांडणाऱ्या दोघांपैकी एका सदस्येने लगेच हात झटकले. मग 2018 च्या मार्चमध्ये तीच तरतूद 2,232 पानांच्या खर्चाच्या विधेयकात गुपचूप घुसवून मंजूर करण्यात आली. आठवड्याला चाळीस तासांचे किमान वेतन दिले की बस्स. साठ तास राबवले तरी जादा पैसे नाहीत, आणि हंगामाबाहेर काहीच नाही. संघराज्याचे किमान वेतन तासाला 7.25 डॉलर. चाळीसने गुणा, 290 येतात. त्या वर्षी बेसबॉलचे उत्पन्न दहा अब्ज डॉलरच्या पुढे गेले होते.

समर्थनाला कारण दिले गेले की पगार वाढला तर छोट्या गावांतले संघ बंद पडतील. वस्तुस्थिती अशी की मायनर लीगच्या खेळाडूचा पगार गावचा संघ देतच नाही, तो मेजर लीगचा क्लब देतो. आणि गावांच्या या कैवाऱ्यांनी तीन वर्षांच्या आत, 2020 च्या अखेरीस, 160 संघांतले सुमारे चाळीस स्वतःच तोडून टाकले. गरिबाला लुटताना दुसऱ्या गरिबाच्या नावाने गळा काढणे हा सत्तेचा जुनाच धंदा आहे.

यावर सभ्य माणसाचे उत्तर तयार असते. त्याला कोणी बळजबरी केली का? आवडीचा खेळ खेळायला मिळतो, त्याचे पुन्हा पैसे कशाला? शिकाऊ उमेदवारच तो, उद्या कोट्यधीश होईल. या तिन्ही सबबी तपासू. बळजबरी नव्हती म्हणणाऱ्याने सांगावे की ज्याला एकाच मालकाकडे काम करता येते आणि वर्षानुवर्षे दुसऱ्याकडे जाता येत नाही, त्याची संमती किती मोकळी? आवड हेच मोल असेल, तर मालकालाही खेळाची आवड आहे. त्याने तिकिटाचे पैसे का घ्यावेत? उमेदवारीचे म्हणाल तर दहांतले नऊ जण मेजर लीगपर्यंत पोहोचणारच नाहीत हे क्लबाला पक्के ठाऊक असते. तरी ते हवे असतात, कारण निवडक हिऱ्याला रोज सामना खेळायचा तर दोन्ही संघांत मिळून अठरा माणसे उभी करावी लागतात. म्हणजे ते स्वतःच्या भविष्यासाठी शिकत नसून दुसऱ्याच्या शिक्षणासाठी राबत असतात. हे काम आहे, आणि कामाचे दाम द्यावे लागते. 2022 मध्ये संघराज्याच्या न्यायाधीशांनीही हेच म्हटले: हे खेळाडू बारमाही कर्मचारी आहेत आणि सराव शिबिर हे काम आहे. त्यानंतर मालकांनी 185 दशलक्ष डॉलर देऊन तडजोड केली. वीस हजारांहून अधिक खेळाडूंत वाटल्यावर प्रत्येकाच्या वाट्याला सरासरी पाच हजारांच्या आसपास आले. कित्येकांच्या उमेदीच्या वर्षांची ती किंमत.

बदल झाला तो कोणाच्या हृदयपरिवर्तनाने झाला नाही. पोरे एकत्र आली, माध्यमांत बोलू लागली, राहत्या खोल्यांचे फोटो दाखवू लागली. 2022 पासून क्लबांना घरे द्यावी लागली. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात मेजर लीगच्या संघटनेने अखेर त्यांना आपल्यात घेतले. 2023 मध्ये पहिला सामूहिक करार झाला: सिंगल-एच्या खालच्या स्तराचा वर्षाचा किमान पगार 11,000 वरून 26,200 डॉलर, डबल-एचा 30,250, ट्रिपल-एचा 35,800. एका सहीने पगार दुप्पट होऊनही क्लब बुडाले नाहीत. म्हणजे आधीची सारी वर्षे पैसा होता, द्यायचा नव्हता.

इथे आनंदाने लेख संपवता आला असता. पण हा करारही एका पायरीवर थांबला. डोमिनिकन रिपब्लिकमध्ये तीसही क्लबांच्या अकादम्या आहेत. सोळाव्या वर्षी मुले तिथे करारावर सही करतात आणि उन्हाळी लीगमध्ये खेळतात. त्या मुलांना 2023 च्या कराराने वगळले. त्यांच्या आणि क्लबाच्या मध्ये ‘बुस्कोन’ नावाचा दलाल असतो. तो बारा-तेरा वर्षांच्या पोराला हेरतो, खाऊपिऊ घालतो, शाळा सोडायला लावून तयार करतो आणि सहीच्या रकमेतून आपला मोठा वाटा कापून घेतो. उचल देऊन बीडच्या तांड्यावरून ऊसतोडीचा कोयता उचलणाऱ्या मुकादमाला ज्याने पाहिले आहे, त्याला हा माणूस लगेच ओळखू येईल. 1975 मध्ये वरचे सुटले, खालचे राहिले. 2023 मध्ये अमेरिकेतले खालचे सुटले, समुद्रापलीकडचे राहिले. प्रत्येक वेळी रेघ ओढली गेली, आणि ती ओढणाऱ्यांत रेघेपलीकडचा एकही जण नव्हता.

आता शेवटचा आरोपी: प्रेक्षक. न्यायालय, संसद, मालक, संघटना यांना नावे ठेवणे सोपे आहे. पण ही सारी इमारत उभी आहे ती तिकीट काढणाऱ्याच्या बेफिकिरीवर. न्यू जर्सीतल्या ब्रिजवॉटरला यँकीजच्या हाताखालचा डबल-ए संघ खेळतो. त्याच गावात बालाजीचे मंदिर आहे आणि त्या परिसरात मराठी कुटुंबांची मोठी वस्ती आहे. गणपतीला लेझीम, उन्हाळ्यात मुलांना घेऊन बॉलगेम, हा आता तिथल्या मराठी घरांचा रिवाज. त्यांतले कित्येकजण स्वतः व्हिसामुळे वर्षानुवर्षे एका मालकाशी बांधलेले आहेत. नोकरी बदलायची म्हटले की पोटात येणारा गोळा त्यांना ठाऊक आहे. तरी हॉटडॉग खाताना समोर धावणाऱ्या पोराच्या करारात काय लिहिले आहे, हे त्यांच्यापैकी किती जणांनी विचारले? जो स्वतः बांधलेला आहे त्यालाही दुसऱ्याची दोरी दिसू नये, याला अज्ञान म्हणत नाहीत. ती सोयीची झापड आहे.

पुण्या-मुंबईतल्या वाचकानेही सुटका मानू नये. कोणाच्या आवडीच्या, सेवेच्या किंवा उद्याच्या संधीच्या नावाखाली आज आपण त्याला कमी देतो, याची यादी प्रत्येकाने आपल्या घरापासून, कचेरीपासून, संस्थेपासून करावी. बिनपगारी उमेदवार, तासावर नेमलेला प्राध्यापक, मानधनावर घरोघर फिरणारी आशा सेविका, सारे त्या यादीत सापडतील. नवा कायदा, नवा करार, नवी पगारवाढ जाहीर झाली की अभिनंदनाचा ठराव मांडण्याआधी एकच तपासावे: यातून कोणाला वगळले? ते नाव सापडले की त्याच सभेत मोठ्याने वाचावे, आणि ते आत येईपर्यंत सुधारणा अपुरी आहे असे लिहून ठेवावे. ब्रिजवॉटरच्या मराठी माणसाने क्लबाला आणि आपल्या काँग्रेस सदस्याला विचारावे की डोमिनिकन मुलांना या करारात कधी घेणार. हे विचारायला फार मोठे धैर्य लागत नाही, एक टपाल तिकीट पुरते. तेवढेही खर्च करायचे नसेल, तर टाळ्या वाजवण्याचा अधिकार तरी सोडावा.